वसंतची क्रिया

“ह्यो वसंत जरा उंचच झालो मा,” शेवंताकाकी म्हणाली आणि पुतळ्याच्या पायाकडची चार पानं उपसून तिने बाजूला टाकली. “तेच्या आवशीन काय खाऊक घातल्यान काय म्हायत.”

आम्ही सगळे हसलो. मीही हसलो. ते हसणं माझ्याकडे टेपवर अजून आहे, आणि गेल्या बावीस वर्षांत मी ती टेप एकदाही लावलेली नाही.

अंगणात पळसाच्या पानांचा ढीग पडला होता. काकी फतकल मारून बसली होती आणि तिची सून प्रमिला एकेक पान पुसून तिच्या हातात देत होती. माणसाच्या आकाराचा पुतळा तयार होत होता. डोक्याच्या जागी लावायचा नारळ काकीने स्वतः निवडला होता, तीन नारळ कानाशी हलवून. कॅमेरा चालू आहे हे ती पार विसरून गेली होती, आणि उदयनला नेमकं तेच हवं असायचं.

उदयन टिपणीस म्हणजे आमचा दिग्दर्शक. त्याचं नाव तुम्ही ऐकलेलं असण्याची शक्यता कमीच. त्याच्या फिल्म्स परदेशातल्या महोत्सवांत जायच्या, बक्षिसं आणायच्या आणि पुण्यात साठ माणसांसमोर एकदा दाखवल्या की कपाटात जायच्या. त्याची रीत अशी, की नट घ्यायचे नाहीत. खऱ्या गावात जायचं, खऱ्या माणसांना त्यांच्याच घरात, त्यांचंच आयुष्य जगायला लावायचं. फक्त नावं बदलायची आणि एक गोष्ट खोटी घालायची. त्या एका खोट्यामुळे सगळं खरं वर येतं, असं तो म्हणायचा. मी रिसबूड, सांगलीचा, त्याचा साउंडवाला. पाच फिल्म्स त्याच्याबरोबर केल्या. कानाला हेडफोन लावून बसायचं आणि लोकांचं ऐकायचं, हा माझा धंदा. तत्त्वज्ञान त्याच्याकडे आणि केबल माझ्याकडे, अशी आमची वाटणी होती.

आडबंदर हे देवगडच्या बाजूचं मच्छीमारांचं गाव. शेवंताकाकीचा एकुलता एक मुलगा जयवंत तेरा वर्षांपूर्वी होडी घेऊन गेला तो आलाच नाही. बरोबरच्या तिघांचे देह चौथ्या दिवशी किनाऱ्याला लागले. जयवंतचा लागला नाही. आता, देह मिळाला नाही आणि बारा वर्षं वाट पाहून झाली, की आपल्याकडे पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याला अग्नी देतात, दहावं-तेरावं करतात, आणि मग तो माणूस गेला असं धरतात. जयवंतची बारा वर्षं होऊन वर एक वर्ष गेलं होतं. भावकीने सांगून पाहिलं, भटजींनी सांगून पाहिलं. काकी ऐकायची नाही. देह दाखवा, करते, एवढंच तिचं म्हणणं. कुणा खलाशाला म्हणे एका परक्या जहाजाने उचललं होतं आणि तो दुबईला सापडला होता, ही गोष्ट तिने कुठेतरी ऐकली होती आणि ती तिने पदराच्या गाठीला बांधल्यासारखी धरून ठेवली होती.

उदयनने तिला सांगितलं, तुमच्या मुलाची क्रिया नाही करायची. फिल्ममधल्या बाईचं नाव सुंदरा, तिच्या मुलाचं नाव वसंत. आपण वसंतची करू. वसंत नावाचा कुणी माणूसच नाही, मग कुणाचं काय वाईट होणार? काकीने दोन दिवस विचार केला. मग एका सकाळी मला चहा देताना, लेकाला हाक मारावी तशी, विचारलं, “झिला, ह्या तुमचा खय खय दाखवतले?”

मी म्हटलं, बऱ्याच देशांत जातं.

“दुबयत?”

मी उदयनकडे पाहिलं. उदयन म्हणाला, “जाईल की काकी. का नाही जाणार?”

“मगे मी करतंय. जयवंतान बघल्यान तर तेका कळात, आवस अजून आसा म्हणान.”

आई अजून आहे हे मुलाला कळावं, एवढ्यासाठी ही बाई कॅमेऱ्यासमोर बसली. साठ माणसांच्या त्या हॉलची मला चांगली आठवण होती. पण दिग्दर्शक बोलत असताना साउंडवाल्याने तोंड उघडायचं नसतं, या नियमाचा मी त्या दिवशी सोयीस्कर फायदा घेतला.

घोडं अडलं ते भटजींपाशी. अंतरकर भटजी, साठी उलटलेले, गावातल्या सगळ्यांच्या लग्नाचे आणि मर्तिकाचे साक्षीदार. खोट्या नावाने खरे मंत्र म्हणायचे त्यांच्या जिवावर आलं होतं. उदयनला नाटकी भटजी चालणार नव्हता. शेवटी गावकऱ्यांनी भीड घातली आणि ते तयार झाले, पण तोंडावर काही हसू आलं नाही. शिवाय उदयनला काकी किनाऱ्यावर हवी होती. बायकांनी तिथे यायचं नसतं, असं भटजी म्हणाले. काकीनेच उत्तर दिलं की खोट्याक कसलो इटाळ.

सगळं ठरल्याप्रमाणे चाललं होतं. दुपारी तीनची वेळ. पुतळा खाली खडकापाशी नेला होता, लाकडं रचली होती. अग्नी द्यायला जयवंतचा चुलतभाऊ बाबल होता, म्हणजे फिल्ममधल्या वसंतचा चुलतभाऊ. बाबलच्या सदऱ्याच्या आत मी एक छोटा माइक चिकटवला होता. दुसरा प्रमिलाच्या पदराला होता, कारण आधी घरी तिचा बांगड्या फोडण्याचा आणि कुंकू पुसण्याचा प्रसंग घेतला होता आणि घाईत तो काढायचा राहिला होता.

त्या प्रसंगात प्रमिला फार रडली होती. उदयनने माझ्याकडे बघून भुवया उडवल्या होत्या, की बघ, नटी लागते कशाला. काकी मात्र जरा चपापली होती. “सांबाळून गो, हाताक काच लागात,” असं म्हणून तिने सुनेच्या हातावरचे तुकडे स्वतः झटकले होते.

तर मी खडकावर बसून आवाज तपासत होतो. बाबलचा माइक ठीक होता. मग प्रमिलाचा वर केला. वाऱ्याची घरघर आली आणि त्यातून तिचा आवाज. ती कुठे दिसत नव्हती. नंतर कळलं, होड्या ठेवायच्या छपरामागे होती.

“भटजीनू, माझ्या घोवाचा नाव घेवा. खरा नाव.”

मग भटजी. “काकीक इचारलंस?”

“आयेक इचारलंय तर ती कधी व्हय म्हणाची नाय. तेरा वर्सा झाली. ना माका कोण सवाष्ण म्हणान बोलवणत, ना इधवा म्हणान सोडणत. वेंगुर्ल्याचो तो माणूस लग्नासाठी दोन वर्सा थांबलो हा. आता तो तरी किती थांबात? मी तेंची बायल आसंय. मगे माका इचारा. पुतळो खरो, बाबल खरो, मंत्र खरे. एक नावच खोटा कित्याक?”

भटजी म्हणाले, “तो जीव पण तसोच लटाकलो हा गो.” बस, एवढंच. धड होकार नाही, धड नकारही नाही. पण ते खरं नाव घेणार, हे मला कळलं.

हेडफोन गळ्यात टाकून मी उदयनकडे गेलो आणि जे ऐकलं ते सगळं हळू आवाजात सांगितलं. म्हटलं, थांबवायला पाहिजे. काकीला शब्द दिलाय आपण.

उदयनने मान खाली घालून ऐकलं. तो वाईट माणूस नव्हता, हे मी आजही सांगेन. आजारी युनिटवाल्याच्या उशाशी रात्रभर बसलेला मी त्याला पाहिलाय. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, “हे रेकॉर्ड झालंय?”

मी म्हटलं, झालंय.

“सगळं?”

“सगळं.”

तो समुद्राकडे पाहत राहिला. मग म्हणाला, “रिसबूड, आपण काही ऐकलं नाही. त्यांच्या घरातली गोष्ट आहे. त्या बाईचाही हक्क आहेच की नाही?”

तसा तो होताच. तरी मी सरळ काकीकडे जाऊ शकलो असतो. वीस पावलांवर ती बसली होती. पण मी उलट वळलो, खडकावर जाऊन बसलो आणि हेडफोन कानाला लावले. ही गोष्ट मी कुणाला सांगतो तेव्हा लोक उदयनला नावं ठेवतात. माझ्या त्या वीस पावलांचं कुणी बोलत नाही.

कॅमेरा सुरू झाला. भटजी पाठमोरे बसले होते, लाटांचा आवाज मोठा होता आणि ते मंत्र नेहमीप्रमाणे पुटपुटत होते. जवळच्या बाबलशिवाय कुणाला काही ऐकू जाणं शक्य नव्हतं. बाबलला आणि मला. काश्यपगोत्र, आणि मग क्षणभर थांबून, अगदी स्वच्छ, जयवंत. बाबलच्या छातीचे ठोके माइकमध्ये धाडधाड यायला लागले. त्याने एकदा मागे वळून काकीकडे पाहिलं. मग त्याने अग्नी दिला.

काकी शांत बसून होती. उदयनने तिला रडायला सांगितलं नव्हतं आणि ती रडली नाही. पळसाची पानं आधी धुरकटली, मग पेटली. नारळ फुटला तेव्हा ती माझ्या दिशेने वळून एवढंच म्हणाली, “बिचारो वसंत.” तिच्या तोंडावर थोडंसं हसू होतं, लहान मुलांच्या खेळात मोठं माणूस सामील होतं तसं.

घरी परतलो तेव्हा उन्हं उतरली होती. मी पडवीत केबली गुंडाळत होतो. उदयन आणि कॅमेरामन अंगणात पुढच्या दिवसाचं बोलत होते. प्रमिला आतून चहा घेऊन आली. तिने तोंड धुतलं होतं, केस नीट केले होते, पण कपाळ मोकळंच होतं आणि हातही मोकळेच होते.

काकीने तिच्याकडे पाहिलं. “कुकू लाव गो आता. तेंचा काम झाला मा.”

प्रमिलाने कप खाली ठेवले.

“लाव मगे. दिवेलागणीक असा भुंड्या कपाळान फिरा नको.”

प्रमिला जागची हलली नाही. तशी काकी तिच्याकडे बघतच राहिली. मग ती माझ्याकडे वळली. भटजींकडे माणूस पाठवला नाही, बाबलला हाक मारली नाही, दिग्दर्शकालाही विचारलं नाही. तिने मला विचारलं.

“झिला, तू ता कानाक लावन बसलेलंस. भटान नाव कोणाचा घेतल्यान?”

मी म्हटलं, “वसंतचं.”

“खरा?”

“होय काकी. वसंतचंच.”

तिने मोठा श्वास सोडला आणि भिंतीला टेकली. “ऐकलंस मा?” ती सुनेला म्हणाली. “जा. लाव जा.”

आणि प्रमिला गेली. तिने माझ्याकडे एकदा पाहिलं, त्यात राग नव्हता. तिला वाटलं असणार, भटजींनी ऐनवेळी कच खाल्ली. दारातून आतला कोनाडा दिसत होता. तिने तिथून कुंकवाची डबी घेतली, झाकण उघडलं आणि बोट आत घातलं. पुढे तिला ते उचलवेना. तशीच उभी राहिली. तेरा वर्षं ती हे रोज करत होती आणि आता पुढेही करणार होती, मरेपर्यंत, कारण सांगलीच्या एका शहाण्याला खरं बोलायचा धीर झाला नव्हता.

“काकी,” मी म्हटलं, “मी खोटं बोललो. नाव जयवंतचं घेतलं.”

अंगणातलं बोलणं थांबलं. काकी ओरडली नाही. तिने मला जवळ बोलावलं आणि म्हणाली, “माका ऐकव.”

नको म्हणायला हवं होतं. मी रेकॉर्डर तिच्यापुढे ठेवला, हेडफोन तिच्या कानांवर नीट बसवले आणि टेप मागे घेतली. ती जरा जास्तच मागे गेली. ते मला तिच्या चेहऱ्यावरून कळलं. भटजींचे मंत्र ऐकताना असा चेहरा झाला नसता. तिने मान वळवून आत पाहिलं, डबी हातात धरून उभ्या असलेल्या सुनेकडे, आणि तिचं ऐकत राहिली. मी बटणाकडे हात नेला तर तिने माझं मनगट धरलं. म्हातारीच्या हाताला केवढी ताकद होती. छपरामागचं सगळं तिने ऐकलं. मग मंत्र ऐकले. ते नाव आलं तेव्हा तिने डोळे मिटले. मनगट सोडलं नाही.

हेडफोन तिने स्वतःच काढले आणि माझ्या मांडीवर ठेवले.

“मियाच बांधलंय तेका,” ती म्हणाली. “नारळ पण मियाच दिलंय.”

ती भिंत धरून उठली.

“प्रमिला, पाणी काढ गो. माका न्हावक व्हया.”

कुणी गेल्याची बातमी आली की घरच्यांनी अंगावरच्या कपड्यांनिशी आंघोळ करायची असते. काकी विहिरीपाशी गेली आणि दगडावर बसली. प्रमिलाने डबी ठेवून दिली, कळशी ओढली आणि सासूच्या डोक्यावर ओतली. पहिल्या कळशीला काकी गप्प होती. दुसरीला तिने हाक मारली. जयवंताऽऽ, अशी, समुद्रावरच्या माणसाला किनाऱ्यावरून मारतात तशी लांब. मग ती जी रडली ते मी सांगू शकत नाही. प्रमिलाही तिच्याशेजारी खाली बसली आणि तिने उरलेली कळशी स्वतःवर ओतून घेतली. काकीने तिला जवळ घेतलं नाही, पण ढकललंही नाही. बऱ्याच वेळाने तिचा आवाज मला ऐकू आला.

“धा दिवस माझ्याबरोबर रव. मगे तुका जाऊचा थय जा.”

मी रेकॉर्डर बंद केला होता. आंघोळीआधीच केला होता, आयुष्यात पहिल्यांदा न सांगता. उदयनने मात्र विहिरीकडे कॅमेरा सुरू करायला लावला होता. रात्री त्याने मला विचारलं, आवाज आहे ना? मी नाही म्हटलं. तो पाठ करून झोपला. त्या फिल्मनंतर आम्ही एकत्र काम केलं नाही.

फिल्म झाली. विहिरीचा तो सगळा प्रसंग त्याने मुका ठेवला, दुसरं करणार काय. परदेशात त्याचं फार कौतुक झालं. कुणीतरी लिहिलं की दिग्दर्शकाने आईचा आक्रोश ऐकू न देण्याचं धाडस दाखवलं, आणि किनाऱ्यावर मुलाच्या चितेसमोर किंचित हसणारी ती वृद्धा जन्मजात अभिनेत्री आहे. मी ते कात्रण वाचलं आणि तसंच चुरगळून टाकलं. दुबईला ती फिल्म कधीच गेली नाही. प्रमिलाने पुढच्या वर्षी वेंगुर्ल्याला घर केलं, सुखात आहे असं ऐकून आहे. काकी आणखी चार वर्षं जगली, एकटीच.

पण हे नंतरचं. दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही सामान गाडीत भरलं. उदयन काकीच्या पाया पडायला गेला तर तिने पाय मागे घेतले. सुतकात पाया पडत नाहीत, एवढंच म्हणाली. तो गाडीकडे निघून गेला. मी मागे राहिलो. मला काहीतरी बोलायचं होतं, माफी मागायची होती म्हणा. रात्रभर वाक्यं जुळवली होती. मी एवढंच म्हटलं, की काकी, तुम्ही नको म्हणालात तर मी काहीही करून ही फिल्म दाखवू देणार नाही.

“दाखवा नायतर दाखवू नका,” ती म्हणाली. “आता बघतलो कोण?”

मी उभाच राहिलो. तिने माझ्याकडे नीट पाहिलं. तिचे डोळे सुजून बारीक झाले होते, पण आवाजात राग नव्हता. राग असता तर मला सोपं गेलं असतं.

“झिला,” ती म्हणाली, “पयला वसंताचा नाव सांगितलंस मा, ताच बरा होता.”

प्रमिला तिच्या मागेच दारात उभी होती. तिनेही ते ऐकलं.